पाहुण्याचं ताट

— नको नको, दार ओढू नका बाई, असू दे तसंच, कडी मोडलीय त्याची. वारा येतो खरा, ती शाल घ्या खुर्चीवरची, मांजराचे केस असतील, झटकून घ्या. छावणीच्या स्मारकाच्या किल्ल्या देते मी, पण आधी चहा घ्या, लिंबाचा. मेणबत्ती नको? बरोबर, तुम्हां ज्यू लोकांत मेलेल्यांसाठी दगड ठेवतात, माहितेय मला. वीस वर्षं त्या फाटकाशी मेणबत्त्या विकतेय. सुरुवातीला तर मी मूर्ख ते दगड रोज झाडून टाकायचे, पोरं खेळून गेली असतील म्हणून! हसा, हसा. इथं येऊन कोण हसतंय.

फोटो? ठेवा, ठेवा. चष्मा नाही माझ्याजवळ — हा होय, हा गळ्यातला वाचायचा आहे, माणसं बघायचा नाही. तुम्ही नुसतं नाव सांगा. हेनोख. तुमचे आजोबा. शिंपी होते? खाणीत दगड फोडायला शिंपी आणला, काय म्हणावं त्या जर्मनांना! आणि छावणीच्या वहीत काय लिहिलंय म्हणालात — चोवीस डिसेंबर त्रेचाळीस, पळाला. पुढं काही नाही. मग झालं तर! पळाला म्हणजे सुटला. नदी गोठली होती त्या वर्षी, चालत गेला असेल पलीकडे, पुढं जंगल, जंगलात जर्मनांशी लढणारी आपली माणसं — तुमच्या आईनंही हेच धरून ठेवलं होतं? दारावर थाप पडली की उठायची? मोठी होऊनसुद्धा? शेवटपर्यंत... आणि गेली कधी? या वसंतात. अरे देवा. या वसंतात.

नाही, मला काही झालं नाही. चहा गरम आहे जरा.

चोवीस तारीख म्हणजे नाताळची आदली संध्याकाळ, बाई. आमच्यात त्या संध्याकाळी टेबलावर एक ताट जास्तीचं मांडतात, घरात पाच माणसं असली तर सहा ताटं — वाट चुकून कुणी आलंच तर त्याच्यासाठी. मी सात वर्षांची. आई म्हणायची, नीट पूस गं गेनिया ते ताट, कोण सांगावं, देवच यायचा एखाद्या वर्षी. मी पुसायची हो, फ्रॉकनं पुसायची, तोंड दिसेपर्यंत. त्या वर्षी लढाईमुळं होतं काय घरात — बिटाचं सार, बटाटे, एक मासा. पहिली चांदणी दिसली तसे आईबाबा गोठ्यात गेले, गाईला प्रसादाची पापडी द्यायला, तीही रीतच. मला म्हणाले, बस इथं, मांजर माशाला तोंड लावेल, राखण कर. मी बसले. काठी घेऊन बसले मांजरासाठी.

आणि दार वाजलं.

किती आनंद झाला मला, काय सांगू! पळतच गेले, उघडलं. एक माणूस. पायाला चिंध्या, कोटाच्या पाठीवर छावणीतल्या कैद्यांना फासायचे तो रंग, वास येत होता. त्यानं टोपी काढली, पाहुणे काढतात तशी. मागं टेबल दिसलं त्याला, ताट दिसलं. इकडचाच होता तो, ताट कशासाठी असतं ते ठाऊक होतं त्याला. म्हणाला, ती जागा कुणाची, बाळ? मी म्हटलं, पाहुण्याची. तो हसला, एक पाय उंबऱ्यात ठेवला. आणि मी — मी काठी आडवी धरली, बाई. म्हटलं, तुमची नाही. आमचा पाहुणा यायचाय अजून.

ओरडला असता तर! ढकललं असतं मला तर! सात वर्षांच्या पोरीला काय लागतं ढकलायला? टोपी घातली त्यानं परत. म्हणाला, बरं, मग दार लावून घे, बाळ, घर गार होईल. मी लावलं. कडीसुद्धा घातली.

आई आली, उंबऱ्यावरचा बर्फ बघितला, विचारलं, कोण आलं होतं? म्हटलं, कुणी नाही, पाहुणा नव्हता. बाबा कोट न घालता धावले. नाही सापडला. सकाळी सापडला, आमच्याच गवताच्या गंजीला टेकून बसलेला, गोठून गेलेला. त्याच रात्री दाराशी परत येऊन बसला असता तरी — पण मी सांगितलं होतं ना, जागा त्याची नाही म्हणून.

जर्मनांना कळू नये म्हणून बाबांनी गुपचूप पुरला. स्मारकवाल्यांना मी बोलले नाही. ते विचारणार, मेला कसा. काय सांगणार होते मी? तुमच्या आईचं पत्र आलं होतं गावात, पोलिश येणाऱ्या कुणाकडून लिहून घेतलेलं, त्र्याण्णव साली. पाद्रीबाबांनी चर्चमध्ये वाचून दाखवलं, कुणाला काही ठाऊक आहे का म्हणून. मी दुसऱ्या बाकावर होते. गप्प बसले. म्हणजे बाई, ती इतकी वर्षं थाप ऐकून उठत राहिली, ती माझ्यामुळं.

द्या तो फोटो. भुवई तुटलेली होती त्याची, डावी... हो.

हो पोरी. हाच.

नको, माझा हात नको धरू. जा तू. गोठ्याच्या मागं अक्रोडाचं झाड आहे, खाली पांढरे दगड लावलेत, तिथं. मी नाही येत, कुठल्या तोंडानं येऊ. आणि कडी मोडलेली नाही, मीच काढून टाकलीय. जा, उजेड आहे तोवर. दार राहू दे उघडं.