आबाकाकांचा पुरावा

हसू नका हां, पण आमच्या आबाकाकांचा उपचार आम्ही घरच्यांनीच बुडवत आणला होता. आबाकाका म्हणजे आचऱ्याच्या देवळात गाऱ्हाणं घालणारे. त्यांनी देवाकडे एकेक मागणं मागायचं आणि सगळ्यांनी 'व्हय म्हाराजा' म्हणायचं. पण छातीत जरा धडधडलं की हे 'मी गेलंय!' म्हणत आडवे. देवळात जाणंही सोडलं. हृदय ठणठणीत निघालं, तेव्हा डॉक्टरांनी समुपदेशक बाईंकडे धाडलं.

बाई म्हणाल्या, "मनात आलेला प्रत्येक विचार खरा नसतो, आबा. तो वहीत लिहा, मोठ्याने वाचा आणि त्याला पुरावा विचारा."

काका पडवीत वही घेऊन बसले. सवयीने देवळातलाच सूर लागला, "आज माझा काळीज बंद पडतला, म्हाराजा!"

घरातून आम्ही आठही जण एका दमात, "व्हय म्हाराजा!"

काकांना दरदरून घाम.

पुढच्या भेटीत त्यांनी वही बाईंपुढे टाकली. "पुराव्यात काय लिवू, बाई? घरातली आठ माणसा व्हय म्हणतत!"

बाईंनी हसू दाबलं आणि आम्हालाही काम दिलं. काकांनी विचार वाचला की 'पुरावो खंय, म्हाराजा?' एवढंच विचारायचं. आम्ही महिनोन्‌महिने विचारलं. हळूहळू धडधड झाली तरी काका घाबरेनासे झाले आणि एकदाचे देवळात उभे राहिले.

"बा देवा म्हाराजा, तुझी लेकरा गुण्यागोविंदान नांदतत..."

आणि मागून आम्ही आठ जण, "पुरावो खंय, म्हाराजा?"