लासेची मॅच बरोबरीत

...आता तुमीच सांगा, मी गप बसायचं न्हवतं का? सगळी मला ह्येच इचारत्यात! माझी बायको राही इचारती, सून इचारती, स्पर्धेचा पंच इचारतोय, आन् त्यो तर उंच खुर्चीवर बसून इंग्रजीत इचारतोय! आवं, चाळीस वर्सं मी कुस्तीचा पंच हाय. आकाराम पंच उठला म्हनलं की जत्रंत हलगीवाल्याचा हात थांबतो, आन् मला म्हनायचं गप बस?

तुमास्नी सांगतो, सुरुवात माझ्याकडनं झालीच न्हाई. सांगलीला ती टेनिसची स्पर्धा भरली, परदेशातनं पोरं आली, ऐन लगीनसराई, लॉजवर खोली मिळंना. स्पर्धा भरवनाऱ्या मंडळाची माणसं म्हनली, "पंच, तुमचा मळा जवळ हाय, एक पाव्हना ठेवून घ्या." माझं पोरगं शिरवळच्या कंपनीत, आठवड्यानं येतंय, वरली खोली मोकळीच. मी म्हनलं, आणा की! तर ह्ये डेन्मार्कचं पोरगं आलं. लासे. वीस वर्सांचं, आमच्या चौकटीला दोनदा डोकं आपटून आत आलं, आन् चौकटीलाच 'सॉरी' म्हनलं!

पर चैन म्हनून न्हाई हो पोराला! जेवताना पाय हालतोय, बोलताना पाय हालतोय, आन् घटकंघटकंला मोबाइलात कसला तरी आकडा बघतोय. सुनंला इंग्रजी येतं, तिला म्हनलं, "अंकिता, इचार गं, कसला आकडा?" ती म्हनली, "मामा, जगात त्याचा नऊशे बारावा नंबर हाय." मी म्हनलं, आरं वा! आमच्या तालुक्यात नऊशे बारावा पैलवान काढायचा म्हनलं तर म्हशीबी मोजाय लागतील, आन् हे जगात! म्हनून पाठीवर थाप मारली, तर पोरगं रडायला आलं. का? तर ह्या नंबरावर पोट भरत न्हाई. बापाच्या ऐंशी गायी. बापानं बजावलंय, एकविसाव्या वाढदिसापर्यंत नंबर वर न्हाई आला, तर रॅकेट खुंटीला आन् तू गोठ्यात. आन् वाढदिवस कवा? पुढल्या म्हैन्यात! सांगलीत एक मॅच जिंकली तर एक गुण, आन् त्यो एक गुण दावून बापाकडनं अजून एक वरीस मागायचं, असा त्याचा हिशेब.

आन् गंमत बघा, गायींपासनं पळतंय आन् पहाटं पाचला आमच्या म्हशीच्या पाठीवरनं हात फिरवीत उभं! तितं तेवढा पाय हालत न्हवता.

बरं, मॅचला समोर कोन? रहिमतपूरचा विश्वजीत! म्हंजी राहीच्या माहेरचा, तिच्या चुलतभावाचा नातू! झालं का आता? एक आपल्या ताटातला पाव्हना, दुसरा बायकोच्या माहेरचा. टाळी वाजवायची कुनासाठी? आन् वाजवायची बी चोरी! शिट्टी न्हाई, हलगी न्हाई, "वा रं पठ्ठ्या" न्हाई, एक माणूस शिंकला तर खुर्चीवरला म्हनतोय, "क्वायट प्लीज!" म्हंजी गप बसा. आरं, ह्ये मैदान हाय का मयताचं घर?

तरी बसलो. देवाशपथ तीन तास बसलो! पहिला डाव ह्याचा, दुसरा त्याचा, तिसरा काय संपंना. ऊन तर असलं, की राहीनं पदर डोक्यावरनं खाली घेतला न्हाई. विश्वजीतच्या पायात गोळा, लासे रॅकेट टेकवून उभा, दोघांच्या तोंडाला फेस. आता मला सांगा, जत्रंत जोड तुल्यबळ हाय, दोघंबी दमल्यात, निकाल लागंना, तवा पंच काय करतो? आत जातो, दोन्ही हात वर करतो, "बरोबरीत सोडवली!" म्हनतो, दोघास्नी फेटा बांधतो आन् दोघंबी मानानं घरी जात्यात. चाळीस वर्सं ह्येच केलं मी... हात आपसूक वर गेलं, पाय आपसूक चाललं...

गेलो की आत! चपला काढून गेलो, मैदान हाय म्हनून! वाकून भुईला हात लावला, कपाळाला लावला, दोन्ही हात वर केलं आन् वरडलो, "बरोबरीत सोडवलीऽऽ!"

आन् नेमका तवाच लासेचा शेवटचा फटका! चेंडू रेघंवर! जिंकला व्हता हो, जिंकला व्हता! पर विश्वजीत मला बघून जाग्यावर थांबलेला, खुर्चीवरल्यानं सांगितलं, मानूस आत आला, फटका धरायचा न्हाई, पुन्हा खेळा. पुन्हा खेळलं... आन् तितनं म्होरं एकबी गुण लासेला मिळाला न्हाई. हारला. विश्वजीतनं न्हाई हारवला त्याला, ह्या माझ्या दोन हातांनी हारवला.

माहेरचा जिंकला, तरी राहीनं पेढा आणला न्हाई. नुसती म्हनली, "आवं, गप बसायचं न्हवतं का?" लासेनं शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं! त्यानं अंकिताला इचारलं, ह्ये आत कशाला आलं व्हतं? तिनं कुस्तीचं समदं सांगितलं. तसा त्याचा पाय हालायचा थांबला. म्हनला, "तुमच्याकडं दोघंबी न हारता घरी जात्यात?" मी म्हनलं, व्हय. म्हनला, "आमच्याकडं असं न्हाई." माझं डोळं भरलं हो, खोटं कशाला सांगू?

गेला त्यो. आन् म्हैन्यानं वाढदिसालाच व्हिडिओ फोन! बघतोय तर डेन्मार्कचा गोठा, एकीकडं लासे, एकीकडं बाप, दोघंबी लालबुंद, मधी एक गाय रवंथ करतीया. पोरगं म्हनतंय खेळणार, बाप म्हनतोय गोठ्यात ये. अंकिता म्हनली, "मामा, लासे म्हनतोय, तुमी पंच व्हा." राहीनं तिकडनं डोळं वटारलं, "आवं, गप बसा..."

आता ह्या येळंला गप बसायला मी काय दगड हाय? टोपी सारखी केली, मोबाइलाम्होरं चपला काढल्या, दोन्ही हात वर! "बरोबरीत सोडवली! सहा म्हैनं टेनिस, सहा म्हैनं गायी!" अंकितानं इंग्रजीत सांगितलं. मग बापानं हात म्होरं केला, पोरानं धरला, आन् मी हिकडं ढसाढसा!

वाटलं, फिटलं माझं पाप. कसलं फिटतंय! आता वरीस झालं, लासेचा फोन येतो, "काका, सहा म्हैन्यांत वर चढवलेला नंबर गोठ्यात बसून खाली आला!" त्यो ठेवतो तवर बापाचा येतो, ह्यो खेळायला गेल्यावर ऐंशी गायींकडं बघायचं कुनी? बरोबरीत सोडवली की दोन्हीकडची पंचालाच धरत्यात, जत्रंत बी आन् डेन्मार्कात बी! काल तर बापानं इचारलं, तुमच्याकडं गोठ्याला एखादा मोकळा मानूस हाय का? मी उत्तर द्यायच्या आत राही चुलीपासनं वरडली, "हाय की! ह्यांस्नीच न्या, तितं भाषा येत न्हाई, तितं तरी गप बसतील!"

...अंकितानं त्याचं बी इंग्रजी केलं. आन् बाप 'चालंल' म्हनला! आता पासपोर्टाचा फारम भरतोय, दुसरं काय करू?