लिंबाजी व इतर

धुरपदाबाई : समद्या गावात साखर वाटायलेत. लिंबाजीभावजीनं हायकोर्टातून नव्या रस्त्याला स्टे आणला. अन् तुमी सख्खा भाऊ, खाटंवर तोंड फिरवून बसलाव.

सूर्यभान : भावजीनं आणला! तू बी तेच म्हणायलीस.

धुरपदाबाई : मग काय म्हणू?

सूर्यभान : पेपरात काय छापलंय? ‘लिंबाजी व इतर’. मानवतला तहसिलात पयली हरकत कुणी दिली? म्या. बांधाबांधानं फिरून बावीस जण कुणी जमवले? म्या. अन् मी इतर.

धुरपदाबाई : अवं, कुणाचं तरी नाव वर राहणारच की.

सूर्यभान : नेमकं त्याचंच राहतंय. लहानपणी पोळ्याला बैल म्या धुवायचे अन् वेशीतून मिरवायचे त्यानं. लोक म्हणायचे, लिंबाजीचे बैल लय देखणे.

धुरपदाबाई : पन्नाशी उलटली, अजून पोळ्यातच हाव तुमी. बरं, मला एक सांगा. स्टे हाय, मग आज मोजणीवाल्यानं आपल्या हळदीत चुन्याची फक्की कामून मारली? थेट विहिरीपस्तोर. भावजीच्या रानात पाऊल सुदिक टाकलं न्हाई.

सूर्यभान : चुकून मारली असंल.

धुरपदाबाई : म्या इचारलं त्याला. म्हणला, ज्यायनं केस केली त्यायच्याच जमिनीला स्टे. तुमचं नाव यादीत न्हाई. सोमवारी मशीन येणार हाय.

(सूर्यभान खाटेवरून उठतो.)

धुरपदाबाई : वकिलाकडं सही करून आलो म्हणला होता तुमी.

सूर्यभान : गेलतो. फायलीवर मोठ्या अक्षरात त्याचं नाव दिसलं. चहा पिलो अन् माघारी आलो.

धुरपदाबाई : चहा पिऊन आलाव. ती विहीर खांदताना मुरूम माझ्या डोक्यावर होता, योगीराज पोटात होता. अन् तुमी चहा पिऊन आलाव.

लिंबाजी : वयनी, दादा हाय का घरी?

धुरपदाबाई : हायेत. या, भावजी. तुमच्यावर जळून जळून राख झाली त्यायची, तेवढी बघा.

लिंबाजी : दादा, फक्की बघूनच आलो मी. वकिलाला फोन केलता. आमच्या केसीत तुझं नाव घुसवायला येळ लागतो म्हणला. तुझी येगळी केस उद्याच घालू. स्टे मिळंलच असं न्हाई, पण धावून बघू.

सूर्यभान : येगळी म्हणजे माझ्या नावाची?

लिंबाजी : तुझ्याच. खाली दुसरं कुणी न्हाई.

धुरपदाबाई : घ्या. झालं मनासारखं.

सूर्यभान : हातात कागद कसला हाय?

लिंबाजी : आमच्या सह्यायचा. वकिलानं दाखवायला मागितलाय.

सूर्यभान : पयली वळ कोरी कामून हाय? तुझी सही दुसऱ्या वळीत हाय.

लिंबाजी : ती तुझी जागा होती. थोरला तू. फायलीवर माझं नाव पडलं ते फाईल म्या नेली म्हणून. सांजच्याला चारपस्तोर तुझी वाट बघितली. मग वकील म्हणला, आता तुमचंच नाव वर घालतो.

सूर्यभान : मला फोन करायचा.

लिंबाजी : सात डाव केला. तू उचलला न्हाईस.

धुरपदाबाई : फोन वाजायचा अन् हे म्हणायचे, कंपनीचा हाय.

सूर्यभान : लिंबाजी, तुझ्या मागं मी अजून बी बसणार न्हाई. सांगून ठिवतो.

लिंबाजी : नको बसू. पण उद्या चल.

सूर्यभान : विहिरीच्या गटाच्या सातबाऱ्यावर हिचं बी नाव हाय. वकिलाला सांग, वर धुरपदाबाईचं नाव घाल.

लिंबाजी : अन् तू?

सूर्यभान : मी इतर.