दहा जागा, दहा अर्ज

नाही, नाही, बोलू नका – वस्तरा गळ्याशी आहे. नुसतं 'हं' केलंत तरी मला कळतं. आणि ते पत्रक ठेवा बाजूला. काय आहे त्यात वाचायला? दहा फोटो, दहा हसरे चेहरे, खाली छापलंय – नगरसभेची निवडणूक बिनविरोध. चौथी खेप आहे पाहुणे, सलग चौथी! सोळा वर्षं झाली, सभेसाठी या गावात कुणी मत दिलेलं नाही. सकाळी साडेआठला अर्ज घ्यायला बसतात, संध्याकाळी पाचला उठतात. जागा दहा, अर्ज दहा – पाच वाजून एक मिनिटाला झाली निवडणूक. समोर तांदळाच्या दुकानापाशी पोस्टरांचा फळा ठोकला होता, आकडे घातलेले चौकोन. सकाळी पोस्टरं लागली, दुसऱ्या दिवशी दोन माणसं आली, फळा उपटून टेम्पोत घालून गेली. झालं. याला लोकशाही म्हणायचं?

जरा डावीकडे वळा. हां. लोक म्हणतात, तरुण पोरांना राजकारणात रस नाही. म्हणतात कशाला, मीच म्हणतो, रोज म्हणतो, या खुर्चीमागं उभा राहून तीस वर्षं म्हणतोय. आणि पक्षवाले! मी पक्षाच्या समर्थक मंडळात आहे – वडील होते म्हणून मी. संसदेची निवडणूक आली की उमेदवार पांढरे हातमोजे घालून स्टेशनसमोर हात हलवणार, मंडळाकडून माझ्याकडे कोरी कार्डं येणार – घरातल्या, ओळखीच्या मतदारांची नावं भरून द्या. मी भरून देतो. हिचं, मुलीचं, तिला न विचारताच. त्यात काय विचारायचं? सगळेच देतात. पुढं कधी वाटेत भेटले तर ओळख तरी देतात का? नाव नको.

आणि सभेतले हे दहा जण कोण, तर एकूण एक अपक्ष. एकेका वस्तीनं एकेक माणूस पाठवायचा, असं ठरलेलं. आमच्या मिनासावा वस्तीचे हिराबायाशीसाहेब, वय अठ्ठ्याहत्तर. माणूस देवमाणूस – पण सभेत बसल्या बसल्या झोपतात हो! गेल्या वर्षी जिल्हा रुग्णालयाची बस बंद करायचा ठराव आला, तेव्हाही झोपलेच होते. ठरावाला हात मात्र वर केला. झोपेत केला की काय, देव जाणे.

आता ही बस म्हणजे काय, ते मला विचारा. माझी बायको, सुमिए, आठवड्यातून तीन वेळा डायलिसिसला जाते. माझ्या डोळ्यांत मोतीबिंदू – नाही, नाही, घाबरू नका, जवळचं स्वच्छ दिसतं – पण गाडी चालवायची बंदी. बस गेली, आता कोण नेणार? मुलगी नेते. कानाए. नवऱ्याशी पटलं नाही, गावात परत आली, वेगळी राहते, वृद्धाश्रमात नोकरी करते. रात्रपाळी करून सकाळी आईला नेते. तिनं दारोदार फिरून सहाशे सह्या गोळा केल्या. सहाशे! सभेनं तो अर्ज चर्चेलासुद्धा घेतला नाही. तेव्हा म्हणाली, बाबा, बाहेरून दार वाजवून उपयोग नाही, आतच जायला पाहिजे. मी उभी राहते.

म्हणजे अर्ज किती झाले असते? अकरा. झाली असती निवडणूक.

मग? मग काय... जरा टॉवेल देतो, डोळे मिटा. गरम आहे.

वस्तीतले सहा जण आले. त्या बाकावर बसले, शेजारी शेजारी. कुणालाच केस कापायचे नव्हते. 'तिला थांबवा' असं एकजणही म्हणाला नाही हो, एवढं लक्षात ठेवा. म्हणाले, कुरोसाकासाहेब, तुम्हाला फार अवघड जात असेल. बस, एवढंच. चहा प्यायले, निघून गेले. आता मी वस्तीचा प्रमुख. एका वस्तीतून दोन उमेदवार म्हणजे मतं फुटणार, घराघरांत वाकडं येणार. गाव करील ते राव काय करील? मी गेलो तिच्याकडे. बापानं मुलीसमोर – जाऊ द्या. कपाळ टेकवलं मी. चटईवर. चार वर्षं थांब म्हणालो, पुढच्या खेपेला वस्तीची शिफारस मी मिळवून देतो, शब्द देतो. तिनं हात पुढं केला. मग म्हणाली, उठा बाबा, गुडघे दुखतील. अर्ज भरलाच नाही तिनं.

हिराबायाशीबाई दुसऱ्या दिवशी मुळ्याचं लोणचं घेऊन आल्या. म्हणाल्या, तुमच्यामुळे गावात शांतता राहिली. अजून तसंच आहे ते, घशाखाली उतरत नाही. आणि मी इथं उभा राहून गिऱ्हाइकांना सांगतो, या गावात उभं राहायला कुणी तयार नाही!

तेरा दिवस झाले. येते ती, आईला नेते, बाहेरूनच हॉर्न वाजवते. माझ्याशी एक शब्द नाही. पण काल आत आली. आईच्या औषधांचं वेळापत्रक मोठ्या अक्षरांत लिहून भिंतीला चिकटवलं, टॅक्सीवाल्याचा नंबर लिहिला. मला वाटलं, उतरला राग. शेवटी आपलेच दात, आपलेच ओठ. चार वर्षं काय, बघता बघता जातात.

घ्या, झाला उजवा गाल. मीच मघापासून बडबडतोय, तुम्हाला काही विचारलंच नाही. बाहेरगावचे ना? कामासाठी आलात? हं. घरसामान हलवायचं. बरंय की, एवढं लांबून – कुठे न्यायचंय? ओसाका! बाप रे. इथून कोण चाललंय ओसाकाला?

पोस्टामागची गल्ली.

निळ्या कौलांचं घर... हो. माहीत आहे.

नाही, काही नाही. बसा. डावा गाल राहिलाय. अर्धवट दाढीनं कसं जाणार? बसा हो! थांबा, वस्तरा पुसून घेतो. किती वाजता बोलावलंय? दहाला. आणि सगळंच न्यायचंय? सगळंच.

आत एक लाकडी कपाट आहे, सहा खणांचं. लग्नात मी दिलेलं. त्याचा मागचा पाय ढिला आहे, तेव्हा ओढू नका, खालून हात घालून उचला.

पैसे राहू द्या. निघा, उशीर होईल. आणि तिला सांगू नका, इथं दाढी केली म्हणून.