आतली खोली

बँकेतल्या बाकड्यावर माझ्या शेजारी माळशिरसच्या गोजाबाई बोचकं घेऊन बसल्या होत्या. त्यांचा मुलगा जोतिराम साहेबांना भेटून परत आला.

"काय म्हणला सायेब? घराचं कर्ज वीस वर्षांचं, पाच वर्षं फेडलं. पंधरा राहिली न्हवं?"

"बावीस."

"आं?"

"व्याजाचा दर वाढला, आई. बँकेनं हप्ता तेवढाच ठेवला आन वर्षं वाढवली. हप्ता वाढला न्हाय म्हणून मी आपला खुशीत."

"आन भरलं ते?"

"बहुतेक व्याजातच गेलं."

"मग हप्ता वाढवून घे की."

"कशातनं? आतली खोली भाड्यानं दिलीय, म्हणून हाय त्यो हप्ता निघतोय."

"कर्ज हलकं झालं की ती खोली मला देतो म्हणला हुतास."

"देणार की. अजून थोडी वर्षं गावाकडंच ऱ्हा. मेंढरं हायत तुजी, तेवढीच सोबत."

"मेंढरं काल इकली."

"काय? मला न इचारता?"

"तूच ये म्हणला हुतास. भाडं किती देतो त्यो?"

"चार हजार. का?"

"मी पाच देते. त्येला खोली सोडाय सांग."