कुजकी दोरी

लेक : बाबा, असा मध्येच हात वर करू नका. शेवटचं पान राहिलंय.

गवंडी : राहू दे. आधी मला सांग, हा तुझ्या गोष्टीतला गवंडी काम कधी करतो?

लेक : म्हणजे काय? पहिल्या ओळीपासून करतोय की.

गवंडी : पहिल्या ओळीपासून घाम पुसतोय. दुसऱ्या पानावर खोकतो. तिसऱ्यावर उंच इमारतीकडे बघून उसासे टाकतो. तीन पानं झाली, एक वीट लागली नाही बाई!

लेक : कष्टकऱ्यांवरची गोष्ट आहे ही, बांधकामाचं पुस्तक नाही. माझी पहिलीच गोष्ट छापून येतेय. मासिकाच्या संपादकबाई म्हणाल्या, वाचताना डोळ्यांत पाणी आलं.

गवंडी : त्यांच्या आलं असेल. भेगाळलेले हात, वाकलेली पाठ... माझी पाठ वाकलीय?

लेक : नाही.

गवंडी : हवं तर ओळंबा लावून बघ. आणि इमारतीकडे बघून मी रडू कशाला? त्या सातव्या मजल्यावरचा गिलावा माझ्या हातचा. भिंतीला दिवा तिरका धर, कुठे लाट दिसणार नाही. मी तिकडून जातो तो ऐटीत जातो.

(दारावर थाप. गवंड्याचा जुना जोडीदार लंगडत आत येतो.)

जोडीदार : आलो रे. जिन्यानं जीव खाल्ला. काय गं, झाली का वाचून? मी आहे ना गोष्टीत?

लेक : आहात काका. गवंड्याचा जोडीदार. बांधकामाच्या बांबूच्या परांचीवरून पडणारा.

जोडीदार : ते तर खरंच पडलो. पाय अजून साक्ष देतोय. पुढे?

लेक : पुढे... तुम्ही वारता.

जोडीदार : अरे देवा! मेलोच? आणि मी आपला तीन जिने चढून ऐकायला आलो!

लेक : गोष्टीत तसं लागतं, काका. ठेकेदार स्वस्तात भागवायला कुजकी दोरी देतो, परांची सुटते, आणि... नुसता पाय मोडला तर वाचणाऱ्याला धक्का बसत नाही.

जोडीदार : मला बसला होता की चांगलाच! दोन वर्षं घरात होतो. मग जमिनीवर बसून फरशीचं काम शिकलो. आज माझ्या फरशीच्या सांध्यात नख घालून दाखव. तेही घाल ना कुठेतरी.

गवंडी : ते दोरीचं काढून टाक.

लेक : कुठलं?

गवंडी : कुजक्या दोरीचं.

लेक : बाबा, त्याच्यावर तर अख्खी गोष्ट उभी आहे! आणि तुम्हीच सांगत आलात ना लहानपणापासून? ठेकेदारानं कुजकी दोरी दिली म्हणून काका पडले.

गवंडी : मीच सांगितलं.

लेक : मग?

गवंडी : दोरी चांगली होती. कोरी. मी स्वतः निवडून आणलेली.

जोडीदार : काय बोलतोयस?

गवंडी : बस तू जरा.

जोडीदार : बसलेलाच आहे. बोल.

गवंडी : आदल्या संध्याकाळी पाऊस झाला होता. सकाळी कडक ऊन पडलं. परांचीची दोरी भिजून वाळली की गाठ सैल पडते. वर चढायच्या आधी एकेक गाठ आवळायची, हे काम माझं. खालचे दोन थर आवळले. तिसऱ्याच्या तीन गाठी झाल्या. कोपऱ्यातली चौथी राहिली.

लेक : विसरलात?

गवंडी : विसरलो असतो तर बरं झालं असतं. समोरच्या बाजूला दुसरी जोडी होती. त्यांची भिंत आमच्यापेक्षा हातभर वर गेलेली, आणि त्यातला एकजण वरून दात काढत होता. मला सोसवेना. म्हटलं, एका गाठीनं काय होतंय. तू फळीवर गेलास, घमेलं मागितलंस...

जोडीदार : आणि मी खाली.

गवंडी : लोक धावले. कुणीतरी ओरडलं, दोरी कुजकी होती! मी हो म्हणालो. ठेकेदार काही देवमाणूस नव्हता, त्यामुळे सगळ्यांना लगेच पटलं. मग मी हो म्हणतच राहिलो.

लेक : बावीस वर्षं?

गवंडी : तोंडी होतं तोवर खपून गेलं. आज तू वाचायला लागलीस आणि अंगावर आलं. तो तुझा बिचारा गवंडी... त्याच्या हातून कधी काही चुकत नाही. चुकेल कसं? तू त्याच्या हातात काही दिलंच नाहीस. माझ्या हातात त्या दिवशी याचा जीव होता गं.

लेक : काका, बोला ना काहीतरी.

जोडीदार : चौथी गाठ म्हणजे शिडीच्या अंगाची?

गवंडी : हो.

जोडीदार : तिथूनच मी वर गेलो. चढणाऱ्यानं गाठ ओढून बघायची असते. नव्या लोकांना मी घसा फोडून सांगायचो. त्या दिवशी मीही नाही ओढली. ते हातभर मलाही खुपत होतं.

गवंडी : तुझी काही चूक...

जोडीदार : थांब. आता तूही तेच करतोयस. मला बिचारा करू नकोस. मीही कारागीर होतो.

लेक : आणि मी काय करू? उद्या छपाईसाठी पक्की प्रत पाठवायचीय.

गवंडी : पाठवायची तर पाठव. तुझं नाव आहे, तुझी मर्जी. पण हा गोष्टीतला गवंडी तुझा बाप का, असं कुणी विचारलं तर नाही म्हण.

लेक : ...नाही पाठवत. बाईंना थांबायला सांगते. पुन्हा लिहीन. मग त्यांना नाही आवडली, नाही छापली, तर?

जोडीदार : तर आम्हाला वाचून दाखव. पण मग खाली कुठेतरी वाच, जिने नकोत.

लेक : गाठीचं लिहिलं तर लोक बाबांना नावं ठेवतील.

गवंडी : ठेवू देत. तो गिलावा माझा म्हणतो, तर ती गाठही माझीच.

जोडीदार : चला, उठतो मी.

लेक : काका, तुम्हाला राग नाही आला?

जोडीदार : अजून कळत नाही. घरी जाऊन बघतो. आला तर उद्या येऊन सांगेन.

गवंडी : ये. मी घरीच आहे.