चार मात्रांची जागा

ओझेला : वन्सं, तिसऱ्यांदा पावडर लावताय. चेहरा आहे की भिंत?

अर्लीन : तू गप्प बस गं वहिनी. एकाहत्तराव्या वर्षी कुणी सांगितलं होतं हे नसतं धाडस!

ओझेला : गाणं सहा आठवडे पहिल्या नंबरावर आहे. जॅक्सनपासून मेम्फिसपर्यंत कुठलाही रेडिओ लावा, तुम्हीच!

अर्लीन : रेडिओ उठून जात नाही, माणसं जातात. बारा वर्षांपूर्वी याच मैदानात मी गायला लागले आणि अख्खं ग्रीनव्हिल गाव भाजलेल्या बरगड्यांच्या गाडीसमोर रांगेत जाऊन उभं राहिलं. समोर उरला तुझा नवरा.

ओझेला : तेही गेले असते. गुडघा धरला होता त्यांचा.

ड्वेन : आई, आत्या, दहा मिनिटं राहिली. चला.

अर्लीन : ड्वेन, इकडे ये. त्या चार मात्रा भरून टाक. ऑर्गन वाजवा तिथे.

ड्वेन : कुठल्या चार मात्रा?

अर्लीन : वेड पांघरू नकोस. 'सांगा, मी म्हातारी झाले का?' असं विचारून मी थांबते ना, त्या.

ड्वेन : आत्या, त्या जागेमुळेच तर गाणं चाललं!

अर्लीन : अरे, चूक होती ती माझी! जन्मभर दर रविवारी चर्चमध्ये गातेय. ओळ टाकली की लोक उत्तर देतातच, म्हणून सवयीनं थांबले. तुझ्या स्टुडिओत होतं कोण उत्तर द्यायला?

ओझेला : आणि या दिवट्याचा मला फोन. 'आई, जागा कापू का?' म्हटलं, हात लावून बघ, रविवारचं जेवण बंद.

ड्वेन : बरं झालं ओरडलीस. आता लग्नात, सलूनमध्ये, सगळीकडे लोक त्या जागेत 'नाही' म्हणून ओरडतात. परवा सिग्नलला शेजारच्या गाडीत एक बाई एकटीच ओरडली.

अर्लीन : गाडीत ओरडतील रे. इथे मी समोर उभी, पाय सुजलेले, कमरेला पट्टा. मी विचारलं आणि कुणी बोललंच नाही, तर? त्या चार मात्रा तोंड कुठे लपवू?

ओझेला : वन्सं, पंचेचाळीस वर्षं तुमच्या मागे उभी राहून गातेय. कुणी नाही बोललं तर मी बोलेन. पण ऑर्गन नको. माणसांना विचारायचं आणि उत्तराला जागाच ठेवायची नाही, हे तुम्हाला शोभत नाही.

अर्लीन : तुझ्या एकटीचा आवाज पुरेल?

ओझेला : तुमच्या भावाला हाका मारून कमावलाय.

अर्लीन : चल मग. ड्वेन, ऑर्गनवाल्याला सांग, तिथे हात मांडीवर.

(मंचावर. पहिलं कडवं संपतंय.)

अर्लीन : सांगा, मी म्हातारी झाले का?

मैदान : नाही!

ओझेला : अगं बाई! वन्सं, बघा तरी, बरगड्यांच्या रांगेतले लोक ताटं टाकून पळत येतायत!

मैदान : नाही! नाही!

ड्वेन : आत्या, चार झाल्या! आठ झाल्या! पुढची ओळ घे!

अर्लीन : तुम्ही नुसता ठेका धरून राहा.

ओझेला : वन्सं, रडताय तुम्ही.

अर्लीन : रडतेय. मग?

ड्वेन : सोळा झाल्या आत्या! किती थांबायचं?

अर्लीन : विचारलंय मी त्यांना. त्यांचं बोलून होऊ दे.